मीठवाल्याच्या घरातला दिवा

वॉटफर्ड
११ फेब्रुवारी २००४

अर्चना, जयभीम.

फोनच करणार होते, पण तुझ्या कानातलं मशीन शिट्टी वाजवतं आणि तू काही न ऐकता "हो हो" म्हणतेस. आज मला तुझं "हो हो" नको आहे, म्हणून पत्र.

रविवारच्या पेपरात आतल्या पानावर एक बातमी आली आहे. कात्रण सोबत आहे, पण तू चष्मा शोधत बसशील, म्हणून सांगूनच टाकते. डेन्मार्कमधल्या एका शाळेच्या तळघरात एका जर्मन मूकपटाचे तुकडे सापडले. १९२१ सालचा, 'मीठवाल्याचं घर'. कायमचा गेला असं सगळे धरून चालले होते. आता जर्मनीतली एक संस्था तो दुरुस्त करते आहे आणि ऑक्टोबरमध्ये लंडनला दाखवणार आहे. दिग्दर्शक, आर्नो व्हेल्टिन. पटकथा, आर्नो व्हेल्टिन.

वाचलंस? पटकथासुद्धा त्याचीच!

मी हातातला टोस्ट तसाच ठेवून उठले. छत्तीस वर्षांपूर्वी आपण दोघी नागपूरहून इथे आलो, किंग हेन्रीज रोडच्या मागच्या गल्लीत खोली घेतली. बाबासाहेब विद्यार्थी असताना त्या रस्त्यावर राहिले होते, म्हणून माझ्या बाबांचा हट्ट की राहायचं तर तिथेच. त्या घरात तळमजल्यावर मागच्या खोलीत हेडाबाई राहायची. हेडविग लार्श. तू विसरली असशील तर मी आठवण करून देते: आपल्या खोलीतली शेगडी कधी पेटायची नाही आणि तिची पेटायची, म्हणून आपण तिच्याकडे जाऊन बसायचो. ती मटार सोलत सोलत सिनेमे सांगायची. बघितलेले नाहीत, लिहिलेले. बर्लिनमध्ये तिने चाळीसच्या वर सिनेमे लिहिले आणि प्रत्येकावर नाव लागलं नवऱ्याचं, या आर्नो व्हेल्टिनचं. बाईचं नाव बघितलं की वितरक नाक मुरडतात, असं तो म्हणायचा. पुढे ती ज्यू आहे हे त्याला एकाएकी आठवलं आणि त्याने घटस्फोट घेतला. तो तिथे सिनेमे काढत राहिला आणि ही इथे लोकांच्या ऑफिसातल्या फरश्या पुसत राहिली.

त्या चाळीसपैकी एकही उरला नव्हता. काही बॉम्बहल्ल्यात जळले, काहींची फिल्म चांदी काढायला वितळवली. आता एक सापडलाय, तर त्यावरही त्याचंच नाव?

मी संस्थेला पत्र लिहिते आहे. आपल्या दोघींची साक्ष म्हणून. तुझी सही लागेल. एकटीची सही असली तर एका रिकामटेकड्या म्हातारीची बडबड म्हणून फाइलला लावतील. दोघी असलो तर निदान दोन रिकामटेकड्या म्हाताऱ्या.

श्रीकांतचा गुडघा कसा आहे ते लिही.

शशी

•

कार्डिफ
२ मार्च २००४

शशी, जयभीम.

मशीन नवीन घेतलंय. आता शिट्टी वाजत नाही, पण श्रीकांत घोरतो तेही ऐकू येतं. म्हणजे फायदा झाला की तोटा ते ठरलेलं नाही. त्याच्या गुडघ्याचं ऑपरेशन व्हायचंय. वेटिंग लिस्ट.

कात्रण वाचलं. हेडाबाईंची आठवण झाली. त्यांचे हात आठवले, मटाराची शेंग एका अंगठ्याने उघडायच्या.

पण शशी, खरं सांगू का, जाऊ दे ना. बाई जाऊन एकतीस वर्षं झाली. ना मूल ना बाळ. नाव लागलं काय आणि नाही लागलं काय, कुणाला फरक पडतो? तू रिटायर झाल्यापासून कुणाशी तरी भांडत असतेस. आधी कौन्सिलशी कचऱ्याच्या डब्यांवरून, मग लायब्ररीशी, मग त्या बिचाऱ्या डेंटिस्टशी. आता जर्मनीशी. तो देश आहे गं, डेंटिस्ट नाही.

आणि सहीचं म्हणशील तर मला त्या गोष्टी नीट आठवतच नाहीत. आठवत नसताना सही कशी करू? तूच शाळेत मला कॉपी करू द्यायची नाहीस. "खोटं लिहिण्यापेक्षा कोरा कागद दे" म्हणायचीस. आता कोराच देते.

थंडी आहे. स्वतःला जप.

अर्चना

•

वॉटफर्ड
९ मार्च २००४

अर्चना,

तुझं पत्र वाचलं. दोनदा वाचलं, कारण पहिल्यांदा वाटलं की ते श्रीकांतने लिहिलंय.

कुणाला फरक पडतो? मला पडतो. शाळेत सिस्टर अॅग्नेसने आपल्या दोघींचा निबंध वर्गात दुसऱ्या मुलीच्या नावाने वाचून दाखवला होता, तो तू विसरलीस का? "तुमच्याकडच्या मुली इतकं चांगलं इंग्लिश लिहू शकत नाहीत" म्हणाली होती. तुमच्याकडच्या! तेव्हा तू बाकाखाली तोंड घालून रडलीस आणि मी उभी राहून भांडले, म्हणून मला महिनाभर मैदानावर जायची बंदी झाली. बंदीचं मला काही वाटलं नाही. त्या निबंधावर आजही त्या मुलीचं नाव आहे, त्याचं वाटतं. ती मुलगी कोण होती हेही मला आठवत नाही, तरी वाटतं.

जर्मनीहून उत्तर आलंय. फार सभ्य उत्तर. यांची सभ्यता म्हणजे दार बंद करताना आवाज होऊ नये म्हणून घेतलेली काळजी. म्हणतात, आम्ही चित्रपट होता तसाच परत उभा करतो. त्या काळी सेन्सॉरने प्रत्येक सिनेमाचं एक कार्ड केलेलं असायचं, त्यात पडद्यावरचा मजकूर शब्द न् शब्द उतरवून घेत. ते कार्ड सापडलं आहे. मधे मधे येणाऱ्या त्या मजकुराच्या पाट्या गहाळ आहेत, त्या आम्ही कार्डावरून नव्याने करतो. कार्डावर श्री. व्हेल्टिन यांचं नाव आहे. आमचं काम जे होतं ते परत आणणं आहे, जे असायला हवं होतं ते नव्हे.

म्हणजे बघ. खोटं जर जुनं असेल तर ते जपून, पुसून, उजळून परत लावायचं. याला ते प्रामाणिकपणा म्हणतात.

मी गप्प बसणार नाही हे तुला सांगायला नको. मी त्यांना लिहिणार आहे की तुमच्याकडे जे तुकडे आहेत त्यात काय आहे ते तुम्ही कुठेही छापलेलं नाही. म्हणजे मला ते कळण्याचा काही मार्ग नाही. तरी मी सांगते. आणि दिव्याचा प्रसंग लिहून पाठवणार आहे.

तुला आठवतो तो. नाही म्हणू नकोस. समुद्रकाठचं मीठवाल्याचं घर. रात्र. आपण घराबाहेर उभे आहोत, आत जातच नाही. खालच्या पहिल्या खिडकीत दिवा दिसतो. मग दुसऱ्या. मग जिन्याच्या फटीत. मग दिवा थांबतो आणि मागे येतो, दुसऱ्या खिडकीत. एकदाच. पुन्हा जिना, मग वरची शेवटची खिडकी, जिथे मूल झोपलंय. आणि तिथे दिवा विझतो. पडद्यावर एकही माणूस दिसत नाही, एकही पाटी नाही. हेडाबाई म्हणायची, "दिवा कसा चालतो यावरून कोण चालतंय ते कळलं पाहिजे. नाही कळलं तर लिहिणारी नालायक." आणि मी विचारलं होतं, दिवा मागे का येतो? तर म्हणाली, आई मुलाची शाल विसरते. थंडी आहे. ती शाल आणायला मागे येते.

अर्चना, तेव्हा मला नागपूर सोडून दोन महिने झाले होते. मी वर जाऊन उशीत तोंड खुपसून रडले होते. असं लिहिणाऱ्या बाईचं नाव कुठेच नसावं?

सही नको देऊस. तुझ्या कोऱ्या कागदाशिवायही माझं अडणार नाही.

शशी

•

कार्डिफ
२८ मार्च २००४

शशी,

रागावलीस. रागाव. पण एक ऐक.

ते दिव्याचं पत्र अजून पाठवलं नसशील तर पाठवू नकोस. घाई काय आहे? ऑक्टोबरमध्ये सिनेमा येतोच आहे. आधी बघ. बघून मग काय लिहायचं ते लिही. ऐंशी वर्षं धूळ खात पडलेली गोष्ट सहा महिन्यांनी काही बिघडत नाही.

मी हे तुझ्या भल्यासाठी सांगते आहे असं म्हणणार होते, पण ते वाक्य लिहिलं की तू पत्र फाडशील. म्हणून नुसतं सांगते. आधी बघ.

निबंध मला आठवतो. मी कधीच विसरले नाही.

अर्चना

•

वॉटफर्ड
१७ जून २००४

अर्चना,

जिंकले!

तुझं "आधी बघ" येण्याच्या आठवडाभर आधीच माझं पत्र बर्लिनला पोचलं होतं. तीन महिने काही नाही. मी धरून चालले होते की केराच्या टोपलीत गेलं. आणि काल त्या संस्थेतल्या डॉक्टर बाईंचं उत्तर आलं. तरुण असावी, अक्षरावरून वाटतं. ती लिहिते की हा प्रसंग त्यांच्याकडे आहे, जसाच्या तसा. सेन्सॉरच्या कार्डावर तो नाही, कारण त्यात पाटीच नाही आणि कार्डावर फक्त पाट्यांचा मजकूर. त्या काळच्या एकाही परीक्षणात तो नाही. विशेषतः दिवा मागे येतो ते. ते त्यांनाच गेल्या वर्षी तुकडे जोडताना कळलं. आधी त्यांना वाटलं होतं की फिल्म उलटी जोडली गेली. माझं पत्र वाचून त्यांनी ती जोडणी कायम केली! म्हणजे सिनेमासुद्धा माझ्यामुळे नीट लागला.

त्यांच्या समितीत वाद झाला म्हणे. एक म्हातारा प्राध्यापक म्हणाला, कार्ड म्हणजे कार्ड. तर या पोरीने त्याला विचारलं की मग वॉटफर्डमधल्या एका गणिताच्या शिक्षिकेला खिडक्यांचा क्रम कुठून कळला, ते तुम्ही सांगा. मला ती पोरगी आवडली.

तर आता सुरुवातीला एक वेगळी, नवी पाटी लागणार आहे. नवी आहे हे दिसेल अशा अक्षरात. "पटकथा: हेडविग लार्श."

मी ते कागदावर लिहून बघितलं. मग स्वयंपाकघरात उभी राहून मोठ्याने म्हणून बघितलं. शेजारच्या बाईने भिंतीवर टकटक केलं, तिला वाटलं मी पडले.

शनिवार, १६ ऑक्टोबर. मला पहिल्या रांगेचं निमंत्रण आहे. तुझंही मागून घेतलंय. लाल साडी नेस, ती काळपट नको, आपण अंत्यविधीला जात नाही. मागचं सगळं माफ.

तुझी,
शशी

•

कार्डिफ
२० सप्टेंबर २००४

शशी,

उत्तर द्यायला फार उशीर झाला. लिहायला बसायचे आणि उठायचे.

श्रीकांतच्या ऑपरेशनची तारीख आली, १२ ऑक्टोबर. मला येता येणार नाही. बहाणा नाही, हॉस्पिटलच्या पत्राची कॉपी हवी तर पाठवते. तू मागशीलच.

एकटी जाऊ नकोस. तुमच्या विहारातल्या कुणाला तरी बरोबर ने, मीनल येईल. आणि पहिल्या रांगेत बसू नकोस. मागे, दाराजवळ बस. मान दुखते म्हणून सांग.

तू इतकं केलंस, हेडाबाईंना कळलं असतं तर त्या काय म्हणाल्या असत्या, हेच डोक्यात फिरतं सारखं.

अर्चना

•

वॉटफर्ड
२४ ऑक्टोबर २००४

अर्चना,

आठ दिवस मी कुणाशी बोललेले नाही. दूधवाल्याशीही नाही. आता लिहिते, कारण हे ऐकायला तुझ्याशिवाय जगात दुसरं कुणी नाही आणि तू ऐकायलाच हवंस.

मी एकटी गेले आणि पहिल्या रांगेत बसले. लाल साडी मीच नेसले. हॉल भरलेला. पियानोवाला. दिवे गेले आणि पहिली पाटी आली, हेडविग लार्श, आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या. अर्चना, एवढ्या टाळ्या. मी मागे वळून बघितलं. मला ते चेहरे बघायचे होते.

मग सिनेमा सुरू झाला. समुद्र, मिठाचे ढीग, घर. मीठवाला पूर्वेकडून परत येतो, बोटीतून उतरतो. आणि त्याच्यामागे एक नोकर उतरतो. जर्मन नट. तोंडाला, हातांना काळं फासलेलं, डोळ्यांभोवती पांढरं, डोक्यावर चादरीएवढा फेटा. पाटी येते: "हिंदू नोकर गोपाळ, ज्याची नजर कधी झोपत नाही." लोक हसले. वाईट मनाने नाही, जुनं काही बघून हसतात तसे. माझ्या शेजारचा गृहस्थ माझ्याकडे बघून हळूच "सॉरी" म्हणाला. त्याच्या हसण्यापेक्षा ते सॉरी मला जास्त लागलं.

हा गोपाळ रात्री जमिनीखालच्या खोलीत आठ हातांच्या एका बाहुल्यापुढे लोटांगण घालतो. बाहुल्याला रक्त हवंय. पाट्याच पाट्या, अर्चना. "त्याच्या रक्तातच विश्वासघात आहे." "या वर्णाची माणसं प्रेम करत नाहीत, वाट बघतात." पाटी म्हणजे लिहिणाऱ्याचा पराभव, मी कधी पाटी लिहिली नाही, असं म्हणणारी हीच ना ती?

आणि मग दिवा. पहिली खिडकी, दुसरी, जिना. मला वाटलं, बाकीचा कचरा व्हेल्टिनचा असेल, हे तिचं आहे, इथे आई येईल. दिवा थांबला. मागे आला, दुसऱ्या खिडकीत. पियानो थांबला होता. मी मनात म्हटलं, शाल.

वरच्या खिडकीत दिवा विझला आणि कॅमेरा पहिल्यांदाच आत गेला. गोपाळ पलंगाशी उभा. हातात दोरी. ती आणायला तो मागे गेला होता.

पुढे गावकरी त्याला खाऱ्या पाण्यात बुडवून मारतात आणि मुलं नाचतात. त्यानंतर 'समाप्त', आणि टाळ्या.

नंतर चर्चा होती. ती जर्मन पोरगी सज्जन आहे, रडवेली झाली होती. सिनेमा वर्णद्वेषी आहे, पण दिव्याचा प्रसंग जगातल्या उत्तम प्रसंगांपैकी आहे, दोन्ही एकाच बाईने लिहिलं हे आता आपल्याला ठाऊक झालं आहे, आणि ते या बाईंमुळे, असं म्हणाली आणि माझ्या हातात माइक दिला. कुणीतरी मागून विचारलं, "ती कशी बाई होती?"

तीस वर्षं वर्गात बोलले, कौन्सिलला, बँकेला, सिस्टर अॅग्नेसला बोलले. आणि मी माइक धरून उभी. मग माइक खाली ठेवला आणि कोट घेऊन बाहेर पडले.

दुसऱ्या दिवशी त्या पोरीला फोन केला की नाव काढा. ती म्हणाली, तुम्हीच सिद्ध केलंत, आता ते काढणं म्हणजे खोटं लिहिणं. बरोबर आहे तिचं. मी तिच्या जागी असते तर हेच म्हटलं असतं, आणि आणखी झणझणीत म्हटलं असतं.

कळतंय तुला मी काय केलं? हे पाप आजवर त्या हलकटाच्या नावावर होतं. तिचं नाव याच्यापासून दूर राहिलं, याहून चांगलं काही तो आयुष्यात करू शकला नसता. चाळीस सिनेमांतला एक उरला आणि त्यावर मी तिचं नाव कोरलं. पुढे तिच्याच लोकांना, ज्यूंना, असंच रंगवून, असंच नाक लावून पडद्यावर उभं केलं त्यांनी. ज्या कागदावर गोपाळ लिहिला, त्याच कागदावर. तिला हे कळलं नसेल? आपल्याला मटार सोलायला बसवताना, आपली तोंडं बघताना कळलं नसेल? आपल्या लोकांबद्दल दुसऱ्यांनी काय काय लिहून ठेवलंय ते वाचत मी मोठी झाले. ते लिहिणाऱ्याच्या शेगडीपाशी मी पाच हिवाळे बसले आणि तिला गूळ घालून लाडू दिले.

तुझी पत्रं काढून परत वाचली. "आधी बघ." "मागे, दाराजवळ बस." तुला माहीत होतं.

सरळ उत्तर दे. श्रीकांतच्या गुडघ्याबद्दल एक अक्षरही नको.

शशी

•

कार्डिफ
७ नोव्हेंबर २००४

शशी,

हो, माहीत होतं.

१९७३च्या जानेवारीत हेडाबाई हॉस्पिटलमध्ये होत्या तेव्हा तुझी शाळा चालू होती आणि मी त्याच हॉस्पिटलच्या लॅबमध्ये होते, म्हणून दुपारची जाऊन बसायचे. एकदा त्यांनी 'मीठवाल्याचं घर' सांगायला घेतला आणि मी म्हटलं, शाल आणायला मागे येते तो ना. तर म्हणाल्या, नाही. शाल नव्हती. आणि मग खरा सिनेमा सांगितला. सगळा, पाट्यांसकट. डोळे मिटून.

मी विचारलं, मग आम्हाला आई का सांगितलीत? त्या म्हणाल्या, "तुम्ही नवीनच आला होता. शशीने विचारलं, तुम्ही काय करायच्या? मी सांगायला लागले. गोष्ट जिन्यापाशी आली आणि मी तिच्याकडे बघितलं. ती पुढे सरकून ऐकत होती. माझ्याकडे दुसरं शेवटचं पान नव्हतं, ते मी तिथेच बसून लिहिलं." मग म्हणाल्या, "तिला सांगू नकोस. तिने तो सिनेमा बघितलाय. तो एकटीने तिनेच बघितलाय."

मी शब्द दिला होता. मरणाऱ्या बाईला दिलेला शब्द आणि तुझा हट्ट, यांत मला काही करता आलं नाही. "आधी बघ" एवढंच म्हणता आलं. तुला सरळ सांगितलं असतं तर तू थांबली असतीस? मला खरंच माहीत नाही. कदाचित तू म्हणाली असतीस की खरं ते खरं, लावा नाव.

त्यांना लाज वाटत होती का, ते मी विचारलं नाही. माझी हिंमत झाली नाही. माझा राग आला का, तर हो, आला होता. दोन दिवस गेले नाही. तिसऱ्या दिवशी गेले तर पलंग रिकामा होता.

आणखी एक. तू विचारणार नाहीस म्हणून मीच लिहिते. बाकीच्या सिनेमांचं मला काही सांगितलं नाही त्यांनी. ते खरे होते की आपल्यासाठी बदललेले, मला माहीत नाही.

अर्चना

•

वॉटफर्ड
१६ जानेवारी २००५

अर्चना, जयभीम.

उत्तर द्यायला दोन महिने लागले. तुझ्यावर रागावलेली होते, आणि अजून आहे, पण रागावून बसायला दुसरी जागा नाही.

जर्मनीहून ती पोरगी पुन्हा लिहिते आहे. फार मनापासून. त्यांना हेडविग लार्शवर पुस्तक काढायचं आहे. हरवलेल्या सिनेमांच्या ज्या गोष्टी मी ऐकल्या त्या सगळ्या लिहून द्या म्हणते. जगात आता फक्त माझ्याकडे आहेत, त्यामुळे लोकांना कळेल की ती एवढीच नव्हती. शुक्रवारपर्यंत हो की नाही कळवा म्हणते.

हो म्हणायचं ठरवलं होतं. हेच तर हवं होतं मला. टेबलाशी बसले, पेन काढलं. बर्फातल्या स्टेशनमास्तरचा सिनेमा आठवतो ना तुला, ज्याची बायको परत येते आणि तो तिला तिकीट विचारतो? पहिलं पान लिहिलं. आणि मग तो स्टेशनवरचा हमाल लिहायचा होता, जो तिची पेटी उचलतो आणि पैसे घेत नाही. माझा हात थांबला. हा हमाल कोण होता? आपल्याला सांगताना तो भला माणूस होता. पडद्यावर कोण होता? कुठल्या जातीचा, कुठल्या वर्णाचा, त्याच्या तोंडाला काय फासलं होतं, ती पेटी त्याने उचलली होती की पळवली होती?

मग गिरणीतल्या बहिणी घेतल्या. तिथे ती सुईण होती, जिप्सी. आपल्याला सांगताना ती मूल वाचवते. मी पेन खाली ठेवलं.

प्रत्येक गोष्टीत एक असं माणूस आहे, अर्चना. मी मोजत बसले नाही, पण आहे. दाराशी उभं असलेलं, बाहेरून आलेलं, आणि शेवटी चांगलं निघणारं. तेव्हा मला वाटायचं, हिला माणसं कशी कळतात. आता कळतं की ती माणसं आपण होतो. आपल्याकडे बघून केलेली. ते प्रेम होतं की भीती होती, की पोरी उठून जातील आणि खोली रिकामी होईल, हे सांगायला आता कुणी नाही. तू विचारलं नाहीस. मीही विचारलं नसतं.

मी या गोष्टी लिहून दिल्या तर त्या हेडविग लार्शच्या नावावर छापतील. माझ्या शब्दावर. त्यांचा माझ्या शब्दावर आता पूर्ण विश्वास बसलाय. आणि कधीतरी कुठल्या तरी तळघरात दुसरा डबा सापडेल.

न द्याव्यात तर तिच्यामागे एवढंच उरतं: गोपाळ आणि त्याची दोरी.

चार दिवस याच खुर्चीत बसले आहे. तिला वाचवायचं तर मला खोटं ठरू शकेल असं लिहायला हवं, आणि खरं राहायचं तर तिला त्या दोरीशी सोडून यायला हवं. तिसरं काही असतं तर मी ते शोधून भांडून मिळवलं असतं, तू ओळखतेस मला.

आज सकाळी उत्तर लिहिलं. लिहिलं की 'मीठवाल्याचं घर' तिनेच लिहिला, पाट्यांसकट, याबद्दल शंका नाही. इतर चित्रपटांविषयी मला काही आठवत नाही.

पाकीट पोस्टात टाकून आले. तुलाही आता कुणी विचारलं तर तू तुझं मार्चमधलं उत्तर दे, नीट आठवत नाही म्हणून. तेव्हा ते खोटं होतं. आता आपल्या दोघींचं तेच एक उत्तर आहे.

शशी